तुमच्या नाटकातला समलिंगी माणूस ज्वारीवर काम करत असेल तर

गेल्या पावसाळ्यात एका तरुण लेखकाने त्याच्या दोन अंकी नाटकाची संहिता मला वाचायला पाठवली. नायक कृषी विद्यापीठात शास्त्रज्ञ, वय अडतीस, समलिंगी. विषय मनापासून घेतलेला होता, संवादही चांगले होते. पण नायक पांढरा कोट घालून परीक्षानळी हलवत होता, आणि जून महिन्यात रब्बी ज्वारीच्या फुलोऱ्यात उभा राहून आईला फोनवर सगळं सांगून टाकत होता. मी त्याला नऊ पानी उत्तर लिहिलं. पुढे आणखी दोघांनी तसंच विचारलं, म्हणून ती पानं नीट करून इथे देतो आहे.

मी सोलापूर जिल्ह्यात ज्वारीच्या संशोधन केंद्रावर सव्वीस वर्षं काढली, त्यातली बहुतेक पैदास विभागात, म्हणजे जिथे नवे वाण तयार करतात तिथे. मी समलिंगी आहे. माझा जोडीदार शेजारच्या तालुक्यात शाळेत शिकवतो. कृषी महाविद्यालयात असताना एकांकिका केल्या, आजही गावाकडच्या मुलांच्या बसवतो. त्यामुळे नाटक आणि ज्वारी दोन्हीकडची थोडी माहिती आहे, आणि दोन्हीकडे काय खोटं वाटतं तेही कळतं.

माझं सांगणं असं की त्या माणसाला आधी काम द्या. तो कोण आहे हे त्याच्या तोंडून वदवण्याआधी तो दिवसभर काय करतो ते दाखवा. आमच्यासारखी माणसं तालुक्याच्या गावात स्वतःबद्दल फार थोडं बोलतात आणि कामाबद्दल खूप बोलतात. मनातलं जे असतं ते कामाच्या बोलण्यातूनच बाहेर येतं. तुम्ही काम काढून घेतलंत की त्याच्याकडे फक्त भाषण उरतं.

पीक एकच निवडा आणि त्याचं वेळापत्रक भिंतीवर लावा

'शेती' असं मोघम नको. रब्बी ज्वारी घेतलीत तर पेरणी साधारण १५ सप्टेंबर ते १५ ऑक्टोबर. तिसऱ्या, पाचव्या आणि आठव्या आठवड्यात कोळपणी, म्हणजे ओळींमधली माती हलवून तण काढणं. शेवटची कोळपणी दातेरी कोळप्याने, कारण तोवर काळ्या जमिनीला भेगा पडायला लागतात आणि त्या मातीने बुजवल्या की ओल टिकते. नोव्हेंबरच्या शेवटी पीक पोटरीत येतं, म्हणजे कणीस पानाच्या आत फुगतं, डिसेंबरात निसवतं, म्हणजे ते बाहेर पडतं, आणि फुलतं. मग दाण्यांत दुधासारखा चीक भरतो, मग हुरडा, आणि फेब्रुवारीत काढणी.

आता तुमचे प्रसंग या महिन्यांवर बसवा. सप्टेंबरात माणसाला मान वर करायला फुरसत नसते. बियाण्याची पाकिटं भरायची, प्लॉटचा नकाशा काढायचा, मजूर गोळा करायचे. त्या वेळी कुणी प्रेमात पडत नाही असं नाही, पण बोलायला वेळ मिळत नाही. ऑक्टोबर-नोव्हेंबर त्यामानाने सैल. दिवाळीला घरी जावं लागतं आणि घरी स्थळाचा विषय निघतो. डिसेंबरात पुन्हा पहाटेपासून अंधार पडेपर्यंत काम. हुरड्याच्या दिवसांत केंद्रावर पाहुणे येतात, सगळे सहकुटुंब, आणि एकटा माणूस त्या दिवशी सगळ्यांच्या नजरेत भरतो. म्हणून लग्नाबद्दल चारचौघांत टोचणारा प्रसंग हवा असेल तर तो हुरड्याच्या आगटीभोवती लिहा. गोवऱ्यांचा धूर, भाजलेली कणसं हातावर चोळणं, आणि वरिष्ठांच्या पत्नीने सहज विचारलेलं, "तुमच्या घरचे कधी येणार?"

एका संहितेत नायक वीस दिवसांची कोवळी ज्वारी कापून गायीला घालतो. कोवळ्या ज्वारीने गाय दगावते, हे आमच्याकडे लहान पोराला माहीत असतं. तिथे शेतकरी प्रेक्षक नाटकातून उठला की परत बसत नाही, आणि त्यानंतर तुमचा नायक कितीही खरं बोलला तरी ते त्याच्या कानापर्यंत पोचत नाही.

हात

रंगमंचावर दाखवण्यासारखं सगळ्यात सुंदर काम म्हणजे क्रॉसिंग, दोन वाणांचा संकर करणं. ते नीट समजून घ्या, कारण याच्यावर अख्खा अंक उभा राहू शकतो.

ज्वारीचं कणीस शेंड्याकडून खाली फुलत येतं, चार-सहा दिवस रोज थोडं. फुलं उघडतात ती मध्यरात्रीनंतर पहाटेपर्यंत. एकाच फुलात नरभागही असतो आणि मादीभागही, म्हणून ज्वारी बहुतेक आपली आपणच फळते. दोन वाणांचा संकर हवा असेल तर ज्याला मादी धरायचं त्या कणसातली, उद्या उघडणार अशी फुलं दुपारनंतर हेरायची. बाकीची कात्रीने काढून टाकायची, चाळीस-पन्नास ठेवायची. मग सुईने किंवा बारीक चिमट्याने प्रत्येक फुलातून तीन परागकोश बाहेर काढायचे. तीनच असतात. एक जरी फुटला तरी ते फूल वाया गेलं, काढून टाकायचं. सगळं झालं की कागदी पिशवी घालायची, देठाशी घडी घालून टाचायची, टॅग बांधायचा. दुसऱ्या दिवशी सकाळी, दव सुकल्यावर, नर धरलेल्या कणसावर रात्री घातलेली पिशवी हळूच वाकवून झटकायची, पिवळी भुकटी तिच्यात पडते. ती पिशवी मादी कणसावर चढवायची आणि दोन टिचक्या मारायच्या. पराग काही तासच जिवंत राहतो, त्यामुळे गप्पा मारत उभं राहता येत नाही.

एका कणसाला पाऊण तास सहज जातो. दोन माणसं शेजारशेजारच्या ओळीत डोक्याएवढ्या उंचीच्या पिकात उभी असतात, दोघांचे डोळे सुईच्या टोकावर. एकमेकांकडे बघायची सोय नसते. मला आयुष्यात जी काही महत्त्वाची वाक्यं ऐकायला मिळाली, ती अशीच, चेहरा न दिसता. नटांना हे फार उपयोगी पडतं. डोळ्यांत डोळे घालून बोलायला सांगितलं की ते अभिनय करतात. हातात सुई दिली की नुसतं बोलतात.

प्रेक्षागृहात फुलं दिसणार नाहीत, म्हणून काळजी करू नका. नटाचा श्वास कुठे थांबतो ते दिसतं. परागकोश ओढताना कुणीही श्वास घेत नाही.

आणखी एक. त्या लेखकाने या कामावर एक लांब स्वगत लिहिलं होतं: फुलात नर-मादी एकत्र, निसर्गात सगळं आहे, वगैरे. मी त्याला ते काढायला सांगितलं. पैदास करणारा माणूस फुलाकडे बघून आपलं समर्थन शोधत नसतो, त्याला उद्या सकाळपर्यंत वीस कणसं करायची असतात. आपल्याला जगायला ज्वारीची साक्ष लागत नाही, आणि ती मागितली की आपणच खाली उतरतो.

शरीराचे तपशील मात्र भरपूर द्या. ज्वारीच्या पानाच्या कडा मनगट चिरतात, म्हणून भर दुपारीही आम्ही पूर्ण बाह्यांचे शर्ट घालतो. फुलोऱ्याच्या दिवसांत मानेला आणि कानामागे खाज सुटते. संध्याकाळी नळावर एकाने दुसऱ्याच्या मानेवर पाणी ओतणं ही आमच्याकडची रोजची गोष्ट आहे. त्यात कुणाला काही दिसत नाही. ज्या दोघांना दिसतं त्यांना दिसतं.

एक सांगतो, एक लिहितो

नोंदी घेणं हा दुसरा मोठा प्रसंग. प्रयोगात प्रत्येक वाणाचे प्लॉट तीन-चार ठिकाणी विखुरलेले असतात, शेजारी तुलनेसाठी जुना वाण असतो. आमच्याकडे तो मालदांडी ३५-१. १९३०च्या दशकात मोहोळला स्थानिक ज्वारीतून निवडलेला, आणि आजही नव्या वाणाला विचारतात की मालदांडीपेक्षा बरा आहे का. प्रत्येक प्लॉटमधली पाच झाडं धरून उंची, कणसाची लांबी, दाण्याचं वजन अशी मोजमापं चालतात. एक मोजून मोठ्याने सांगतो, दुसरा तोच आकडा परत उच्चारून लिहितो. परत उच्चारायचाच, नाहीतर चूक होते. हा नियम लेखकाला आयताच मिळालेला आहे. त्या नऊ पानांत मी नमुना म्हणून हा तुकडा लिहिला होता:

— प्लॉट चौदा. झाड एक, दोनशे बारा.
— दोनशे बारा.
— झाड दोन, एकशे अठ्ठ्याण्णव.
— एकशे अठ्ठ्याण्णव.
— झाड तीन, दोनशे पाच. आईंचा फोन आला होता?
— दोनशे पाच. आला होता.
— झाड चार, दोनशे नऊ. काय म्हणत होत्या?
— रविवारी पंढरपूरला मुलगी बघायला जायचंय. दोनशे नऊ.
— झाड पाच.
— हं.
— झाड पाच, दोनशे एक. तू काय सांगितलंस?
— दोनशे एक. पुढचा प्लॉट.

याच्या पुढे काहीही लिहू नका. नोंदवही मिटली नाही पाहिजे. ते दोघे पंधराव्या प्लॉटकडे गेले पाहिजेत.

'तुम्ही' आणि 'तू'

वरच्या तुकड्यातला 'तू' पुन्हा वाचा. मराठीत हे केवढं मोठं हत्यार आहे! केंद्रावर पैदासकाराला 'सर' म्हणतात, मजूर 'साहेब' म्हणतात, बरोबरीचे सहकारी एकमेकांना 'तुम्ही' किंवा आडनावाने हाक मारतात. दोन पुरुष दिवसभर 'तुम्ही' म्हणून वागतात आणि मोटारसायकल गावाबाहेर पडली की 'तू' म्हणतात, एवढ्यावर प्रेक्षकाला सगळं कळतं. हा बदल नाटकभर उधळू नका. एकदा खाजगीत, आणि एकदा चुकून सगळ्यांसमोर, बस.

ती चूक माझ्याकडून झालेली आहे. माझा जोडीदार तेव्हा सुट्टीच्या दिवशी केंद्रावर यायचा, सगळ्यांसमोर मी त्याला 'गुरुजी, तुम्ही' म्हणायचो. एक दिवस उन्हात तो नुसताच उभा होता, आणि मी बांधावरून ओरडलो, "अरे, टोपी घाल ना तू!" खुरपायला बसलेल्या सात-आठ बायकांनी ऐकलं. कुणी मान वर केली नाही. पुढच्या सुट्टीला त्यांतल्या सगळ्यात थोरल्या बाईने भाकरीवर शेंगाची चटणी आणली ती दोन वेगळ्या कागदांत, आणि म्हणाली, "हे साहेबाचं, हे गुरुजीचं." त्यानंतर दर वेळी तसंच. तेरा वर्षं झाली, या विषयावर आमच्यात एक शब्द झालेला नाही.

तेव्हा शेतातल्या मजूर बायकांना नाटकात नुसत्या हसणाऱ्या, कुजबुजणाऱ्या करू नका. रानात कोण कुणाकडे कसं बघतं हे त्यांना सगळ्यांच्या आधी कळतं, आणि त्याचं काय करायचं हे त्या आपापलं ठरवतात. काही जणी बोलतातही, आणि ते दुखतं. तेही लिहा. पण गाव म्हणजे अडाणी आणि शहर म्हणजे सुटका, ही वाटणी करू नका. मला पुण्यात भाड्याची खोली नाकारली गेली आहे आणि इथे चटणी मिळाली आहे.

'समलिंगी' हा शब्द कधी आणायचा? शक्य तितका उशिरा. माझ्या तोंडून तो पहिल्यांदा निघाला तेव्हा मी पस्तिशी ओलांडली होती.

दुसरा कोण

बहुतेक संहितांत साहेब आणि रोजंदारीवरचा तरुण असं जोडपं येतं. त्या तरुणाची उद्याची हजेरी साहेबाच्या सहीवर असते. त्याच्या 'हो'ला नाही म्हणायची मोकळीक आहे का, हा प्रश्न टाळून प्रेमकथा लिहिता येत नाही. हाच प्रश्न नाटकाचा विषय करणार असाल तर जरूर करा. नाहीतर दोघांना एका पायरीवर ठेवा.

दुसरा कीटकशास्त्रज्ञ असू द्या. दोघांचं काम वेगळं, जीप एकच. त्याच्याकडे गोष्टीही असतात. निवडुंगाचीच घ्या: १७९५ मध्ये ब्राझीलमधून भारतात एक किडा आणला गेला. लाल रंग देणारा मौल्यवान किडा म्हणून आणला, आणि निघाला त्याचा भलताच भाऊबंद. रंग मिळाला नाही, पण त्याने निवडुंगाची एक जात खाऊन साफ केली. किडीकडून तण मारून घेण्याचं ते जगातलं पहिलं उदाहरण मानतात. जीपमधून जाताना बांधावरच्या निवडुंगाकडे बोट दाखवून एकाने दुसऱ्याला हे सांगावं. चुकून आलेला पाहुणा आणि त्याने केलेलं काम. दुसऱ्याने नुसतं हसावं.

निवडुंगाच्याच फळाचं नाव असलेला 'साबर बोंडं' हा रोहन परशुराम कानवडे यांचा मराठी चित्रपट जानेवारी २०२५ मध्ये सनडान्स महोत्सवात परदेशी कथापटांचा सर्वोच्च ज्युरी पुरस्कार घेऊन आला. मुंबईत राहणारा आनंद वडिलांच्या दहा दिवसांच्या दुखवट्यासाठी गावी येतो आणि बालपणीचा मित्र बाळ्या, जो शेती करतो, त्याला पुन्हा भेटतो. लिहायला बसण्याआधी तो बघा. तिथे कुणाला घाई नाही, आणि आई आपल्या मुलाला ओळखते.

बारा वर्षांची गोष्ट

संकर केल्यापासून वाण शेतकऱ्याच्या हातात पडेपर्यंत दहा-बारा वर्षं जातात. पहिली पिढी, दुसरी, तिसरी, दर वर्षी निवड, सहा-सात पिढ्यांनी झाडं एकसारखी येतात, मग केंद्रावरच्या चाचण्या, मग अनेक ठिकाणच्या, मग शेतकऱ्यांच्या रानातल्या. नाटकाला एवढा मोठा कणा फुकट मिळतो आहे, तो वापरा. डिसेंबर २००९ मध्ये दोघांनी मिळून एक क्रॉस केला असं धरा. त्याच वर्षी २ जुलैला दिल्ली उच्च न्यायालयाने समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७मधून प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना वगळलं होतं. ११ डिसेंबर २०१३ला सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला, तेव्हा त्यांच्या क्रॉसची चौथी पिढी फुलोऱ्यात आहे. ६ सप्टेंबर २०१८ला पाच न्यायाधीशांनी ते कलम आमच्यापुरतं मोडीत काढलं, तेव्हा चाचणीच्या बियाण्याची पाकिटं भरणं चालू आहे. १७ ऑक्टोबर २०२३ला लग्नाचा हक्क नाकारला गेला, तेव्हा पेरणी नुकती संपली आहे आणि त्यांचा वाण शेतकऱ्यांच्या रानात उगवतो आहे.

२०१३च्या त्या दिवशी मी खरोखरच रानात होतो. बातमी दुपारी फोनवर आली. मी हातातलं कणीस पूर्ण केलं, कारण अर्धं सोडलं तर वाया जातं. पिशवी घातली, टॅग बांधला, आणि मग बांधावर जाऊन बसलो. निकाल दाखवायचा असेल तर टीव्हीवरची बातमी लावू नका. ते अर्धं कणीस दाखवा.

कागद

हे थोडक्यात, पण विसरू नका. सरकारी नोकरीतल्या माणसाचं एकटेपण कागदात दिसतं. नामनिर्देशनाच्या अर्जातला 'नाते' हा रकाना. क्वार्टर मागताना कुटुंबातल्या माणसांची संख्या. रजेच्या अर्जातलं कारण. माझ्या जोडीदाराचं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालं तेव्हा मी कारण लिहिलं 'मावसभाऊ आजारी', आणि रुग्णालयात सहीला त्याच्या भावाची वाट बघत चार तास बसलो. एक टेबल, एक अर्ज आणि हातात पेन धरून थांबलेला नट एवढं त्या प्रसंगाला पुरतं.

शेवट

त्याला मारू नका. विजय तेंडुलकरांचं 'मित्राची गोष्ट' १९८१ मध्ये रंगभूमीवर आलं, तेव्हा एका बाईचं बाईवर प्रेम असू शकतं हे मराठी प्रेक्षकासमोर ठेवणं हेच मोठं धाडस होतं, आणि मी त्या नाटकाचा ऋणी आहे. पण त्यातली नायिका, मित्रा, जगत नाही. कॉलेजात ते वाचून मी बरेच दिवस गप्प होतो. आमच्याकडे येणाऱ्या मुलांपैकी कुणीतरी तुमचं नाटक बघणार आहे. त्याला पंचावन्न वर्षांचा माणूस दाखवा, चष्मा लावून नोंदी तपासणारा.

तालमीआधी

नटांना रानात पाठवा. 'गॉड्स ओन कंट्री' या २०१७च्या इंग्रजी चित्रपटात दोन पुरुषांचं प्रेम यॉर्कशरच्या मेंढपाळीत घडतं. दिग्दर्शक फ्रान्सिस ली तिथल्याच शेतकरी घरातले, आणि त्यांनी नटांना आधी शेतांवर कामाला लावलं. पडद्यावर कोकरू जन्माला येताना मेंढीला मदत करणारे हात त्या नटांचेच आहेत. तुम्हाला आठवडे नाही मिळाले तरी दोन दिवस काढा. डिसेंबरचा पहिला पंधरवडा, जवळच्या केंद्रप्रमुखांना रीतसर पत्र देऊन. पूर्ण बाह्यांचा शर्ट, टोपी, दुपारी तीनला हजर. मुक्काम करा, कारण सकाळ बघितल्याशिवाय कळत नाही.

नेपथ्याला हिरवी ताटं आणू नका, दिव्यांखाली पहिल्या अंकातच माना टाकतात. काढणीनंतर फेब्रुवारीत शेतकऱ्याकडून कडब्याच्या पेंढ्या घ्या आणि मातीने भरलेल्या डब्यांत एकेक ताट रोवा. वाळलेली पानं माणूस जवळून गेला की सळसळतात, आणि दुसरा कुणीतरी ओळीत आहे हे प्रेक्षकाला आधी ऐकू येतं. खाकी पिशव्या पन्नासेक पुरेत. त्यावरचे टॅग जाड कागदाचे, दोऱ्याने बांधलेले, आणि त्यावर मादीचा क्रमांक आधी, मग फुली, मग नराचा, खाली तारीख आणि करणाऱ्याची अक्षरं. तुमच्या नाटकात तिथे दोघांचीही अक्षरं असतील. पेन्सिलीने लिहा. शाई पहाटेच्या दवात विरघळते, पेन्सिल काढणीपर्यंत टिकते.